वाढणारा खांब

मित्रांनो, माझ्यावर किती विश्वास ठेवायचा, ते तुमचं तुम्हीच ठरवा. मी चावी दिल्यावर चालणारा एक जुना चित्रपट-कॅमेरा आहे. जे पाहिलं तेवढंच सांगावं, एवढंच माझं शिक्षण. पण एकदा माझ्याविषयी माझ्याच मनात शंका शिरली आणि ती आजही पुरती गेलेली नाही. त्यामुळे सांगताना मी मध्येच अडखळलो, तर चावी संपली असं समजा आणि सांभाळून घ्या.

मला जोडणारा कारागीर कमी बोलणारा होता. त्याने माझ्या पोटात पोलादी स्प्रिंग बसवली, पहिली चावी दिली, मला कानाशी धरलं आणि शेजारच्याला म्हणाला, "ऐक, किती हळू बोलतोय. हा लाजाळू निघणार." त्याचं म्हणणं खरं ठरलं. एका चावीत मी अर्धं मिनिटसुद्धा चालत नाही. तेवढ्यात दिसेल ते टिपायचं आणि गप्प बसायचं.

माझा पहिला मालक बातमीपटासाठी काम करायचा. आग लागली, पूर आला, कुठे फीत कापायची असली, की तो मला उचलून पळत सुटायचा. "काय नेमका कॅमेरा आहे!" असं लोक म्हणायचे आणि मी आतल्या आत सुखावायचो. एकदा गर्दीत त्याला धक्का बसला आणि त्याच्या बोटातली अंगठी माझ्या बघायच्या काचेवरून घासत गेली. ज्या छोट्या खिडकीला डोळा लावून माणूस चित्राची चौकट ठरवतो, ती ही काच. तिच्यावर आडवा, सरळ, केसाएवढा ओरखडा उठला. चित्रात तो येत नसे, फक्त बघणाऱ्याला दिसे. मालक म्हणाला, "असू दे. चौकट सरळ धरायला उपयोगी पडेल."

हा ओरखडा लक्षात ठेवा. पुढे जे झालं, ते त्या केसाएवढ्या रेघेवरून झालं.

मग नवे कॅमेरे आले आणि मला कपाटात ठेवलं. तिथे किती वर्षं गेली, मला सांगता येणार नाही. बंद कपाटात दिवस मोजता येत नाहीत. एके दिवशी कचेरीतली अडगळ निघाली, तेव्हा एका बारीक चणीच्या बाईने मला दोन्ही हातांनी उचललं. तिच्या चष्म्याची एक काडी दोऱ्याने बांधलेली होती.

"हा चालतो का हो?" तिने विचारलं.

"चालतो," भांडारातला कारकून म्हणाला, "पण कुणासाठी चालणार?"

"माझ्यासाठी," ती म्हणाली आणि मला पिशवीत घातलं.

तिला सगळे रीळवाली म्हणायचे. ती माहितीपट बनवायची, पण लोकांना माहिती मिळेल असे नव्हेत. टेलिफोन एक्स्चेंजमधल्या बायकांवर तिने एक चित्रपट केला. त्यात एकही चेहरा नव्हता, नुसते हात. ती कपड्यांच्या धुलाईच्या दुकानावरच्या दोन खोल्यांत राहायची. एकदा तिने खालच्या भट्टीच्या वाफेवरच चित्रपट दाखवला. वाफ आली की चित्र उमटे, वाफ विरली की चित्रातली माणसं विरून जात. धुलाईवाला म्हणाला, "आमच्या वाफेलाही कामाला लावलंत बाई! आता धुराला तरी मोकळं सोडा." बघायला अकरा माणसं आली होती. त्यांतली चार उन्हातून टेकायला आली होती आणि एक झोपलं होतं. तरी ती शेवटपर्यंत प्रोजेक्टरजवळ ताठ उभी होती. मला तिचा फार अभिमान वाटला. तो वाटण्याची माझी लायकी होती की नाही, तो भाग वेगळा.

तिची दोन खोल्यांची जागा खडकाळ उंचवट्यावर होती. समोर खाली कामगारांची वसाहत आणि वसाहतीच्या डोक्यावर बांध. डोंगर खणून जे खनिज निघे ते धुतल्यावर उरलेला गाळ या मातीच्या बांधामागे साठवलेला होता. तिचे बाबा सत्तावीस वर्षं तो गाळ पाट्या भरभरून तिथे टाकत आले होते. बाबा गेले, गाळ टाकणंही दुसरीकडे सुरू झालं, आणि मागे राहिला हा करडा, मुका बांध. त्याच्या अगदी पायथ्याशी एकतीस घरांची रांग होती. त्यांतल्या एका घरात तिचा थोरला भाऊ, वहिनी आणि त्यांच्या दोन मुली राहायच्या.

"बाबांनी आयुष्यभर जे उभं केलं, त्याकडे कुणी कधी नुसतं बघितलंसुद्धा नाही," ती म्हणाली. "मी बघणार."

तिने बेत ठरवला. दर रविवारी सकाळी दहा वाजता, गच्चीवरून, दोन सेकंद. बाकीची कामं ती आता व्हिडिओवर करायची. मी फक्त रविवारचा. ऊनपावसात मला बाहेर ठेवता येत नसे. म्हणून गच्चीच्या फरशीवर तिने रंगाचे तीन ठिपके दिले होते. ठिपक्यांवर स्टँडचे तीन पाय ठेवायचे, मला वर बसवायचं, काचेला डोळा लावायचा आणि बांधाची वरची कड नेमकी माझ्या ओरखड्यावर आणायची. मग खटका दाबायचा. एक, दोन. बोट उचलायचं. काम संपलं.

तिने आणखी एक नेम केला होता. सगळी रिळं होईपर्यंत त्यांतलं काही बघायचं नाही. "रोज आरशात बघणाऱ्याला आपण म्हातारे झालो ते कळत नाही," ती म्हणायची. "मी सगळं एकदम बघणार." बाबांच्या जेवणाच्या डब्यात बरोबर सहा रिळं मावत होती. डबा भरला की चित्रपट पूर्ण. डबा भरायला नऊ वर्षं लागली.

भाऊ येता-जाता तिची थट्टा करायचा. तिला तो छोटे म्हणायचा, पन्नाशीतही. "छोटे, आज बांध काय म्हणाला? हसला का?" बांधावर मापाचे तीन लोखंडी खुंट ठोकलेले होते. दर महिन्याला फीत घेऊन त्यांतली अंतरं मोजायची आणि वहीत लिहायची, हे भावाचं काम होतं. त्या वहीत चौदा वर्षं एकच आकडा होता, आणि त्याला त्याचा अभिमान होता. "खुंट हलेल तर मी मिशी उतरवीन," असं तो म्हणायचा.

मला मात्र त्या वर्षांत अधूनमधून काहीतरी खुपायचं. स्टँडचा स्क्रू ती दर वेळी लवभर जास्त फिरवते आहे असं वाटायचं. माझं नाक किंचित, अगदी किंचित, आणखी खाली झुकतं आहे असं वाटायचं. पण मी स्वतःलाच समजावलं की आपण जुने झालो, आपलंच काहीतरी सैल झालं असेल. लाजाळू वस्तूंची ही एक वाईट खोड असते, मित्रांनो. काही बिघडलं की त्या आधी स्वतःच्या अंगात दोष शोधतात.

पहिला खेळ वसाहतीच्या सामाईक खोलीत झाला. दुपारची वेळ होती, म्हणून खिडक्यांना घोंगड्या लावल्या. ज्यांच्या घरावरचा बांध, त्यांनीच तो आधी बघावा, अशी तिची इच्छा होती. मला टेबलावर मानाने ठेवलं होतं. खोली भरली, दिवे मालवले आणि चादरीवर बांध उभा राहिला. आभाळ धडधडत बदलत होतं, उजेड कमीजास्त होत होता, पण बांधाची कड तसूभर हलत नव्हती.

हलत होता तो खांब.

खालच्या रांगेसमोर दिव्याचा एक लोखंडी खांब होता. पहिल्या रिळात त्याचा वरचा निम्मा भागच चौकटीत दिसत होता. तिसऱ्या रिळात तो आणखी वर आला. सहाव्यापर्यंत तो चादरीवर चांगला वीतभर वर सरकला होता.

"अरे, खांब वाढतोय!" मागून कुणीतरी ओरडलं.

"खत कोण घालतंय रे याला?"

"आणखी नऊ वर्षांनी याला दिवे लगडतील बघा!"

खोली हसून हसून लोळली. भाऊ सगळ्यांत मोठ्याने हसत होता. रीळवाली पांढरीफटक पडली होती. तिने माझ्याकडे ज्या नजरेने पाहिलं, ती मी विसरलेलो नाही. नऊ वर्षं याच्या हाती दिली आणि यानेच दगा दिला, असं ती नजर म्हणत होती. मला वाटलं, माझ्या पोटातली स्प्रिंग आत्ताच्या आत्ता तुटावी.

दिवे लागले. लोक हसत हसत पांगले. वहिनी एकटीच चादरीसमोर बसून होती. ती हसली नव्हती.

"वन्सं," ती म्हणाली, "शेवटी शेवटी चित्रात माझी दोरी आली."

"कुठली दोरी?"

"कपडे वाळत घालायची. एक टोक आमच्या दाराच्या कडीला, दुसरं त्या खांबाला. आधी ती चित्रात नव्हती, खाली राहत होती. शेवटी आली."

"मग? खांब वर सरकला म्हणून दोरीही सरकली. माझा कॅमेरा नादुरुस्त आहे, वहिनी. मला चिडवू नका."

"चिडवत नाही हो. मी म्हणते, खांब सरकला असता तर दोरी ताणून तुटली नसती का? नऊ वर्षं मी तिला नवी गाठ मारलेली नाही. खांब आहे तिथेच आहे." ती उठली, पदर सावरला. "मला तुमच्यातलं कळत नाही. पण काहीतरी सरकलंय, आणि तो माझा खांब नाही."

दुसऱ्या दिवशी रीळवालीने मला कॅमेरे दुरुस्त करणाऱ्या काकांकडे नेलं. त्यांनी मला उघडलं, प्रत्येक दात तपासला, पुन्हा मिटवलं. "याला काहीही झालेलं नाही," ते म्हणाले. "तुमच्या नजरेला काही झालं असेल, तर त्याचा दुरुस्तीवाला मी नव्हे."

ती दुकानाच्या पायरीवरच बसली. मला डोळ्याला लावून समोरच्या घराचं छप्पर तिने माझ्या ओरखड्यावर आणलं. एकदा, दोनदा, तीनदा. मग तिने मला डोळ्यावरून खाली घेतलं आणि त्या ओरखड्यावर बोट ठेवलं.

दर रविवारी तिने बांधाची कडच रेघेवर आणली होती. कड खाली गेली, की ती मलाही तेवढंच खाली झुकवायची. जे हलत होतं, त्यालाच तिने अचल धरलं होतं. म्हणून बांध पडद्यावर स्थिर दिसला आणि जागेवर उभा असलेला खांब वर चढला.

पुढचे सोळा दिवस ती संकलनाच्या टेबलावर होती. एकेका चौकटीतला खांब आधीच्या चौकटीतल्या खांबावर बसवून तिने सगळा चित्रपट नव्याने जुळवला. आता खांब देवळातल्या समईसारखा निश्चल होता. आणि बांध खचत होता. त्याची कड खाली जात होती आणि त्याचं पोट, श्वास भरल्यासारखं, घरांच्या दिशेने फुगत होतं. पायथ्याशी ओलीचा एक काळा डाग होता. पहिल्या रिळात ताटाएवढा, शेवटच्या रिळात घराएवढा.

तिने तो खाणीच्या कचेरीत दाखवला. बांधाचे इंजिनिअर होते, भाऊ होता, मी टेबलावर होतो.

"ताई, तुम्ही कलाकार आहात," इंजिनिअर म्हणाले. "मागच्या महिन्यात तुमच्या चित्रपटात खांब वाढत होता. या महिन्यात बांध बसतोय. पुढच्या महिन्यात काय, आमची कचेरी उडणार?"

"तेव्हा माझी चूक झाली होती."

"आता झाली नसेल कशावरून? आमचे खुंट आहेत. चौदा वर्षांत केसाचा फरक नाही."

"खुंट कुठे ठोकलेत?"

"बांधावर. आणखी कुठे?"

"दादा," ती भावाकडे वळली, "तिन्ही खुंट बांधावर आहेत. बांध खाली गेला तर तिघेही बरोबर जाणार. त्यांच्यातलं अंतर तेवढंच राहणार. होडीत बसून होडीतल्या होडीत मोजलं, तर होडी बुडतेय ते कसं कळेल?"

भावाचा चेहरा लाल झाला. "म्हणजे चौदा वर्षं मी काय गोट्या खेळलो?" तो म्हणाला. "साहेबांसमोर माझी अब्रू काढायला आलीस? तुझं ते खेळणं खोटं आहे, छोटे. आधी ते भंगारात दे."

तो माझ्याकडे बोट दाखवत होता. खरं सांगतो, त्या क्षणी मलाही वाटलं, त्याचंच बरोबर असेल तर? चौदा वर्षांची वही एकीकडे आणि ओरखडा पडलेली काच एकीकडे. शहाण्या माणसाने कुणाचं ऐकावं?

वहिनीने कुणालाच विचारलं नाही. मंगळवारी तिने खांबाची दोरी सोडली, गुंडाळली आणि दोन मुलींना घेऊन वर आमच्या खोल्यांत आली. तिने दोरी सोडलेली रांगेतल्या बायकांनी पाहिली. दहा दिवसांत एकतीसपैकी एकवीस घरं रिकामी झाली. कुणी बहिणीकडे गेलं, कुणी शाळेच्या वर्गात पथाऱ्या पसरल्या. पुरुष पारावर बसून टिंगल करायचे, "बायकांनी सिनेमा बघितला आणि घर सोडलं!" भाऊ मात्र आपल्या घरी एकटाच राहिला. वहिनी त्याचा डबा खांबापाशी ठेवून यायची. तो डबा उचलायचा आणि रिकामा करून पुन्हा तिथेच ठेवायचा.

शनिवारी दुपारी गच्चीवरून दिसलं, की भाऊ उतारावरच्या पाण्याच्या टाकीवर चढला आहे. टाकी खडकात बांधलेली होती, बांधापासून दूर. त्याच्यापुढे पातळी मोजायची दुर्बीण होती. तो बराच वेळ तिथे होता. रात्री तो घरी परतला नाही. कचेरीत गेला होता आणि तिथून त्याला हाकलून दिलं होतं, हे आम्हाला मागाहून कळलं.

रविवारी सकाळी रीळवालीने मला ठिपक्यांवर उभं केलं. आता ती खांबाचं टोक ओरखड्यावर आणायची. वहिनी शेजारी उभी होती. खाली भाऊ उरलेल्या नऊ घरांची दारं वाजवत चालला होता. माणसं चिडत, पुटपुटत बाहेर पडत होती. कुणाच्या हातात गादी, कुणाच्या हातात पिंजरा. रांगेच्या टोकाला एक निवृत्त पहारेकरी राहायचा. तो उंबऱ्यावर बसून मान हलवत होता, आणि भाऊ हात जोडून त्याच्याशी बोलत होता.

दहा वाजले. भाऊ म्हाताऱ्याला सोडून खांबापाशी आला. त्याने वर गच्चीकडे पाहिलं आणि हात उंच केला.

रीळवालीने खटका दाबला. एक, दोन. तिने बोट उचललं.

नऊ वर्षांची सवय होती, मित्रांनो. तिचा दोष नाही.

भाऊ वळून पुन्हा म्हाताऱ्याच्या दाराकडे पळाला. आणि मग बांध गेला. आवाज आमच्यापर्यंत पोचायच्या आधीच तो गेलेला होता. मी ते सगळं पाहिलं, पण त्यातलं काहीच माझ्या पोटात नाही. माझ्या शेवटच्या रिळात आहे तो सकाळचा स्वच्छ उजेड, उभा बांध, आणि खांबाजवळ हात वर केलेला एक माणूस. तो हात 'या' म्हणत होता, 'थांबा' म्हणत होता, की 'तुझंच खरं' म्हणत होता, हे मला आजवर ठरवता आलेलं नाही.

आठ घरांतली सगळी माणसं वाचली. भाऊ आणि तो म्हातारा पहारेकरी, हे दोघे सापडले नाहीत. टाकीवर दुर्बिणीशेजारी दगडाखाली भावाची वही होती. चौदा वर्षांचे एकसारखे आकडे, आणि शेवटच्या पानावर घाईघाईने लिहिलेली एकच ओळ: खांब जागेवर आहे.

रीळवालीने त्यानंतर चित्रपट केला नाही. ती खूप जगली. तिच्या म्हातारपणी जगाला तिची आठवण झाली. तिच्या वाफेवर, हातांवर लेख आले, आणि ती गेल्यावर एका मोठ्या कलासंग्रहालयात तिच्या कामाची कायमची दालनं झाली. मी तिथेच असतो, काचेच्या पेटीत. माझ्याखाली पितळी पाटी आहे. आता माझं सगळे कौतुक करतात, आणि मला कुणी चावी देत नाही.

माझ्यासमोरच्या भिंतीवर एका खिळ्याला दोरीने एक चौकट टांगली आहे. त्या शेवटच्या रिळातलं चित्र, हात वर केलेला भाऊ. भिंतीवर या टोकापासून त्या टोकापर्यंत एक निळा पट्टा रंगवलेला आहे. दालनाचा सेवक रोज सकाळी येतो, चौकट पट्ट्याशी जुळवून सरळ करतो आणि पुटपुटतो, "पुन्हा वाकडी!" दुसऱ्या दिवशी ती पुन्हा वाकडी असते.

मागे एकदा वहिनी आली होती. पार वाकली आहे, काठी टेकत आली. नवऱ्याच्या चित्रासमोर बराच वेळ उभी राहिली. तेवढ्यात सेवक आला आणि त्याने नेहमीसारखी चौकट सरळ केली.

"रोज करता?" तिने विचारलं.

"रोज, आजी. खिळा सैल आहे."

"बदलून बघितला?"

"तीनदा बदलला. भुताटकी आहे म्हणा ना!" तो हसला.

वहिनी हसली नाही. तिने हातातल्या पिशवीची दोरी ओढून काढली, टोकाला किल्ली बांधली आणि भिंतीसमोर धरली. किल्ली झोके घेत घेत थांबली. वहिनीने दोरीकडे पाहिलं, मग त्या निळ्या पट्ट्याकडे पाहिलं. दोघांचा काटकोन जुळत नव्हता.

"बाळा," ती म्हणाली, "टांगलेली वस्तू खोटं बोलत नाही. तुझी चौकट सरळच असते. तू तिला वाकडी करतोस."

"बरं आजी," सेवक म्हणाला आणि तिला हात धरून बाहेरच्या बाकावर बसवून आला.

मित्रांनो, मला पुसलं नाही तरी चालेल. माझी स्प्रिंग गंजली तरी मी तक्रार करणार नाही. माझी विनंती वेगळी आहे. एखादी लहानशी, गरीब वस्तू रोज वाकडी दिसू लागली, तर तिला लगेच दोष देऊ नका. तुम्ही तिला कशाशी जुळवून बघताय, ते एकदा बघा. आणि या संग्रहालयात आलात, तर माझ्या पेटीपाशी फार वेळ रेंगाळू नका. त्या निळ्या पट्ट्याकडे बघा, कुणाला तरी सांगा, आणि बाहेर जा.

कदाचित माझीच चूक होत असेल. मी जुना आहे, माझ्या काचेवर ओरखडा आहे.

आज सकाळी सेवकाने चौकट पुन्हा सरळ केली. आज तिला कालच्यापेक्षा थोडी जास्त फिरवावी लागली.